मूनडॉग : दान, दाद आणि फुटपाथवरचा ठेका



मागच्या व्याख्यानात आपण अभिनवगुप्तांच्या रसविघ्नांपाशी थांबलो होतो. रसाच्या आड येणारी सात विघ्नं ते सांगतात. त्यातलं एक असं, की माणूस स्वतःच्याच सुखदुःखात इतका गुरफटलेला असतो, की समोर काय चाललंय ते त्याच्यापर्यंत पोचतच नाही. यावर उपाय म्हणून मग नाट्यमंडप, गाणं, वाद्यं, वेषभूषा. म्हणजे प्रेक्षकाला त्याच्या घरच्या कटकटीतून उचलून आणायची सगळी व्यवस्था. व्याख्यान संपल्यावर एका श्रोत्यानं विचारलं, "सर, पण जिथे मंडपच नाही तिथे काय?" प्रश्न चांगला होता. त्याचं तात्त्विक उत्तर मी देऊ शकलो असतो, पण मला वाटलं, एका माणसाची कारकीर्दच घेऊन बसू या. म्हणून आज मूनडॉग.

आपल्यापैकी अनेकांनी हे नाव ऐकलेलं नसेल. न्यूयॉर्कमध्ये, मॅनहॅटनच्या सहाव्या अव्हेन्यूवर, ५४व्या रस्त्याच्या कोपऱ्याच्या आसपास एक उंच, दाढीवाला, अंध माणूस वर्षानुवर्षं उभा असायचा. पुढे पुढे तर अंगावर झगा, डोक्यावर शिंगांचं शिरस्त्राण, हातात भाला. स्वतः बनवलेली तिकोनी ढोलकी वाजवायचा, आपल्या कविता आणि रचना छापलेले कागद विकायचा, कुणी काही दिलं तर घ्यायचा. लोक त्याला 'सहाव्या अव्हेन्यूचा व्हायकिंग' म्हणायचे. (जाता जाता सांगतो, खऱ्या व्हायकिंगांच्या शिरस्त्राणांना शिंगं नव्हती. ती नंतरच्या काळातल्या कलावंतांनी आणि ऑपेराच्या वेषभूषाकारांनी चिकटवली. पण रस्त्यावर इतिहासाची शहानिशा कोण करतो?) हाच माणूस एका मोठ्या कंपनीसाठी वाद्यवृंदाची रेकॉर्ड करतो, पुढच्या पिढीचे नामवंत संगीतकार त्याला मानतात, आणि १९९९ साली जर्मनीत तो वारतो तेव्हा त्याच्या मागे रचनांचा मोठा साठा असतो.

आता या माणसाची गोष्ट दोन पद्धतींनी सांगितली जाते आणि मला त्या दोन्ही पटत नाहीत, हे सुरुवातीलाच सांगून टाकतो. पहिली पद्धत वृत्तपत्री: अहो, आंधळा, रस्त्यावरचा, चित्रविचित्र कपड्यातला, आणि काय संगीत रचायचा! दुसरी पद्धत जाणकारांची: वेष आणि रस्ता सोडून द्या हो, तो खरा गंभीर संगीतकार होता, परिस्थितीमुळे बिचारा फुटपाथवर उभा राहिला. पहिलीत दया आहे. दुसरीतही दयाच आहे, फक्त ती जरा शिकलेली आहे. माझं म्हणणं असं, की फुटपाथ ही त्याच्या कारकिर्दीवर आलेली आपत्ती नव्हती आणि शोभेची पार्श्वभूमीही नव्हती. त्याच्या रचनांचा आकार फुटपाथवर ठरला. हे म्हणणं मला रचनांमधून दाखवता आलं पाहिजे, नाहीतर तेही नुसतं बोलणंच.

थोडा वृत्तांत सांगतो, थोडाच. मूळ नाव लुई थॉमस हार्डिन. जन्म २६ मे १९१६, अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यात, मेरिसव्हिल गावी. वडील धर्मोपदेशक. पाचव्या वर्षी पोरगं पुठ्ठ्याच्या खोक्याचा ढोल करून बडवायला लागलं. पुढे कुटुंब वायोमिंगमध्ये गेलं. तिथे वडील त्याला अरापाहो लोकांच्या सूर्यनृत्याच्या सोहळ्याला घेऊन गेले. यलो काफ नावाच्या त्यांच्या म्होरक्याच्या मांडीवर बसून त्यानं म्हशीसारख्या त्यांच्या रानगव्याच्या, बफेलोच्या, कातड्याचा ढोल वाजवला. हा प्रसंग तो आयुष्यभर सांगत असे. सोळाव्या वर्षी, १९३२ साली, मिसूरीत असताना त्याला स्फोटकाची एक टोपी सापडली. ती हातात फुटली आणि दोन्ही डोळे गेले. नंतरच्या वर्षांत बहिणीनं त्याला पुस्तकं वाचून दाखवली, अंधशाळेत तो ब्रेल आणि संगीत शिकला, आणि १९४३ साली न्यूयॉर्कला आला.

आल्या आल्या गेला कुठे? कार्नेगी हॉलच्या दाराशी. न्यूयॉर्क फिलहार्मोनिक तेव्हा तिथेच वाजवत असे. संचालक होते आर्तुर रोजिन्स्की. त्यांनी या अंध तरुणाला तालमींना बसू दिलं. म्हणजे सरावाच्या वेळी सबंध वाद्यवृंद तुटतो, थांबतो, परत सुरू होतो, ते सगळं त्यानं कानानं प्यायलं. पुढे त्याचे कपडे जसजसे विचित्र होत गेले तसतसं ते दार बंद झालं. कार्नेगी हॉल ५७व्या रस्त्यावर, याचा कोपरा ५४व्या. दहा मिनिटांचंही चालणं नाही. हे अंतर लक्षात ठेवा.

१९४७पासून तो स्वतःला मूनडॉग म्हणवू लागला. का, तर मिसूरीत त्याचा एक कुत्रा होता, तो चंद्राकडे बघून इतर कुठल्याही कुत्र्यापेक्षा जास्त रडायचा!

आता वाद्याकडे येऊ, कारण हा माणूस मुळात ठेक्याचा माणूस आहे. त्यानं एक वाद्य बनवलं, त्याला नाव दिलं 'त्रिंबा'. तिकोनी लाकडी ढोल एकमेकांना जोडलेले, वर एक झांज. एका हातात माराका, म्हणजे आपल्या खुळखुळ्याचा मोठा भाऊ म्हणा, आणि दुसऱ्या हातात लाकडी दांडी. आपण तबल्याचं स्वतंत्र वादन ऐकतो तेव्हा बाजूला सारंगी किंवा हार्मोनियम लेहरा धरून बसलेली असते. लेहरा सुटला तर तबलजीनं कितीही करामत केली तरी ऐकणाऱ्याला समेचा पत्ता लागत नाही. फुटपाथवर लेहरा कोण धरणार? मोटारी धरतील? म्हणून याचा एक हात लेहऱ्याचं काम करतो, माराका अखंड चालू ठेवतो, आणि दुसरा हात बोल काढतो. वाद्याची घडणच एकट्या माणसाच्या सोयीची आहे. मांडी घालून फरसबंदीवर बसता यावं, आवाज फार लांब गेला नाही तरी दोन-तीन वावांवर स्पष्ट ऐकू यावा, आणि उचलून नेता यावं.

आणि ठेके कुठले? पाच मात्रांचे, सात मात्रांचे. त्याला तो 'स्नेकटाइम' म्हणायचा, म्हणजे सर्पचाल, सळसळत जाणारी लय. चारच्या ठेक्यात मरायची आपली इच्छा नाही, अशा अर्थाचं त्याचं एक वाक्य प्रसिद्ध आहे. अमेरिकन समीक्षक या पाच-सातबद्दल फार आश्चर्यानं लिहितात. आपल्या कानाला त्यात आश्चर्य काय? झपतालाचं अर्धं आवर्तन घ्या.

(टेबलावर वाजवून दाखवतात) धी ना, धी धी ना. धी ना, धी धी ना.

रूपक तर शाळेतलं पोरही वाजवतं. तेव्हा त्यानं 'नवे' ठेके शोधले, हे कौतुक आपण करायचं कारण नाही. पण थांबा. आपल्याकडे पाच किंवा सात मात्रा ऐकायला माणूस बसलेला असतो. मांडीवर हात असतो, बोटं मोजत असतात. याच्यासमोरचा माणूस चालतोय! आणि चालणं दोन पायांचं आहे. डावा, उजवा, डावा, उजवा. आता पाचाचा ठेका त्या चालण्यावर ठेवून बघा. पहिली सम डाव्या पायावर आली तर पुढची उजव्यावर येते. मग परत डाव्यावर. चारच्या ठेक्यात हे होत नाही, तिथे सम नेहमी त्याच पायावर पडते आणि माणूस तालात चालत निघून जातो. पाचाच्या ठेक्यात पाय आणि कान यांचं जमत नाही, जमतं, पुन्हा जमत नाही. दर दहा पावलांनी एकदा जुळणी. चालणाऱ्याला कळत नाही काय झालं, पण त्याची चाल किंचित अडखळते. मी म्हणतो तो मंडप हाच. भिंती नाहीत, छप्पर नाही, पण माणूस स्वतःच्या विचारातून अर्ध्या पावलापुरता बाहेर आला. रसविघ्न गेलं असं नाही म्हणणार मी. फट पडली.

त्यानं हे असं ठरवून केलं का? ते मी सांगू शकत नाही आणि तसा दावाही करत नाही. समीक्षेत हेतूचा शोध घेणं हा फार वेळा आळशीपणा असतो. रचना काय करते ते बघायचं.

टोनी श्वार्ट्झ नावाच्या एका ध्वनिसंग्राहकानं १९५०च्या दशकात न्यूयॉर्कच्या रस्त्यावर जाऊन त्याचं वादन ध्वनिमुद्रित केलं. त्यातल्या काही रचना जरूर ऐका, मुद्रणं आज सहज मिळतात. एकीचं नाव 'फॉग ऑन द हडसन', म्हणजे हडसन नदीवरचं धुकं. स्टुडिओतला ध्वनिमुद्रक जो आवाज गाळून टाकेल तो इथे आत आहे. १९५६-५७मध्ये प्रेस्टिज या जाझच्या कंपनीनं त्याच्या तीन रेकॉर्ड्स काढल्या, त्यांतही हे दिसतं. एका तुकड्यात रहदारी आहे. एकात टॅप नाचणाऱ्याचे पाय आणि त्याचा ढोल यांची जुगलबंदी आहे. एकात त्याची बायको सुझुको अंगाई गाते आणि तान्ह्या मुलीचा आवाज येतो. (तिसऱ्या रेकॉर्डच्या वेष्टनावरचं सुलेखन अँडी वॉरहॉलच्या आईच्या हातचं आहे. वॉरहॉल तेव्हा जाहिरातींची चित्रं काढून पोट भरत होते.) बहुतेक तुकडे एक-दोन मिनिटांचे. कुणी म्हणेल, रेकॉर्डवर जागा कमी. तसं नव्हे. रस्त्यावरच्या माणसाला ऐकणाऱ्याची तेवढीच मिनिटं मिळतात. त्या मिनिटात आरंभ, मध्य, शेवट मांडत बसलात तर गिऱ्हाईक सिग्नल ओलांडून गेलं. म्हणून रचना अशी हवी, की कुठूनही शिरा, तुम्ही मध्येच असता, आणि कुठूनही निघा, काही तुटत नाही. म्हणजे आवर्तन.

यातूनच मी त्याच्या दुसऱ्या आवडीकडे येतो. कॅनन, किंवा राउंड. आपल्याला हा प्रकार परका आहे, म्हणून सांगतो. आपल्या भजनात बुवा ओळ म्हणतात आणि टाळकरी ती झेलतात, पण बुवांची संपल्यावर. राउंडमध्ये तसं नाही. पहिल्या गायकाची ओळ चालू असतानाच दुसरा तीच ओळ पहिल्यापासून उचलतो, मग तिसरा, मग चौथा. सगळे तेच म्हणतात, पण वेगवेगळ्या ठिकाणी असतात, आणि तरीही क्षणोक्षणी स्वर एकमेकांशी जुळले पाहिजेत. याचा अर्थ पहिली ओळ रचतानाच पुढचं सगळं ठरलेलं असतं. त्यात सूट नाही. मूनडॉग या नियमांबाबत अतिशय कर्मठ होता. विसाव्या शतकातल्या स्वरकेंद्र सोडलेल्या संगीताविषयी त्याला काडीची आस्था नव्हती. स्वतःला तो जुन्या परंपरेतला म्हणवायचा, बाखच्या घरातला. आता गंमत बघा. ज्याला रस्त्यावरचे लोक मनमौजी, स्वैर, हिप्पींचा आजोबा समजत होते, तो डोक्याच्या आत सोवळ्यातल्या भटजीसारखा स्वरांची शिवाशिव तपासत होता.

आणि याचाही संबंध त्याच्या परिस्थितीशी आहे, पण दयेच्या मार्गानं नाही. ब्रेलमध्ये संगीत लिहायचं म्हणजे पाटी आणि टोच्या. कागदाच्या मागून टोचायचं, उजवीकडून डावीकडे, आणि उलटून डावीकडून उजवीकडे बोटानं वाचायचं. डोळस संगीतकार वीस ओळी एकाखाली एक मांडून एका नजरेत सगळा वाद्यवृंद बघतो. बोटाला ते शक्य नाही. बोट एका वेळी एकच ओळ वाचतं. म्हणून तो प्रत्येक वाद्याचा भाग सुटा लिहायचा आणि एकत्र रूप डोक्यात ठेवायचा. मग ते ब्रेल डोळसांना वाजवता यावं म्हणून एकेक स्वर कुणाला तरी तोंडी सांगायचा, तो लिहून घेणार, त्याचे पैसे द्यायचे. रस्त्यावरची कमाई या नक्कलनविशीत जायची. कॅननमध्ये एकच ओळ सर्वांची असते. डोक्यात वागवायला हलकी, लिहायला थोडी, बांधायला मात्र कठीण. अडचण आणि शैली यांचं नातं हे असं असतं. अडचणीनं कला 'दिली' नाही. अडचणीत जी बांधणी टिकते तीच त्यानं निवडली आणि कसोशीनं वापरली.

'ऑल इज लोनलीनेस' नावाचा त्याचा राउंड आहे, एकटेपणाविषयीचा, पाचाच्या ठेक्यात. एकटेपणाविषयीचं गाणं, आणि एकट्यानं म्हणताच येत नाही, पूर्ण व्हायला माणसं लागतात! १९६७ साली जॅनिस जॉप्लिन ज्यात गायची त्या 'बिग ब्रदर अँड द होल्डिंग कंपनी'नं ते आपल्या पहिल्या रेकॉर्डवर घेतलं. त्यांनी ते चारात बसवलं. लोकप्रिय झालं असेल, पण पाचावी मात्रा काढली की ती न जुळणारी पावलंच गेली. राहिलं ते एक उदास गाणं. मूनडॉगला ते आवडलं नव्हतं, आणि मी पूर्णपणे त्याच्या बाजूचा आहे.

आता त्याच्या कारकिर्दीतला एक खटला. ॲलन फ्रीड हा क्लीव्हलंडचा रेडिओ निवेदक. कृष्णवर्णीय संगीतकारांचं ऱ्हिदम अँड ब्लूज संगीत गोऱ्या पोरांपर्यंत नेणारा म्हणून त्याचं नाव आहे. मूनडॉगची 'मूनडॉग सिंफनी' ही रेकॉर्ड तो कार्यक्रमाच्या ओळखधुनीसाठी वाजवायचा, आणि हळूहळू त्यानं नावच घेतलं, स्वतःला 'मूनडॉग' म्हणवू लागला. मार्च १९५२मध्ये क्लीव्हलंडला जो 'मूनडॉग कॉरोनेशन बॉल' झाला, त्याला पुष्कळजण पहिली रॉक मैफल म्हणतात. १९५४ साली फ्रीड न्यूयॉर्कच्या रेडिओवर आला आणि तिथे खरा मूनडॉग उभा! रस्त्यावरच्या अंध वादकानं दावा लावला आणि तो जिंकला. फ्रीडला नाव सोडावं लागलं. मग कार्यक्रमाला दुसरं नाव हवं म्हणून त्यानं 'रॉक अँड रोल' हे शब्द पुढे आणले. शब्द आधीपासून होते, पण ते नाव सर्वतोमुखी व्हायला या खटल्यानं हातभार लावला.

ही गोष्ट चविष्ट म्हणून नेहमी सांगतात. मला त्यातला वेगळा भाग महत्त्वाचा वाटतो. फ्रीडला वाटलं असावं, रस्त्यावरच्या माणसाचं नाव म्हणजे रस्त्यावर पडलेलं नाव. उचललं तर काय बिघडलं? रस्त्यावरचा कलावंत आपल्याला सार्वजनिक मालमत्ता वाटतो, हवेसारखा, उन्हासारखा. कोर्टात त्या माणसानं म्हटलं, हे माझं आहे, मी रचनाकार आहे, ही माझी सही आहे. दान घेणारा हात आणि दावा लावणारा हात एकच असू शकतो, हे समाजाला चटकन पचत नाही. पुढ्यात टाकलेलं नाणं दान की बिदागी, हा प्रश्न त्या दिवशी कायद्यापुढे दुसऱ्या रूपात आला. कांट म्हणतो, सौंदर्याचा निर्णय निरपेक्ष हवा, त्यात आपला काही मतलब नको. आपण म्हणतो, हो, म्हणजे लोभ नको. अहो, पण दयासुद्धा मतलबच आहे! दया आली की आपण चांगले असल्याचा आनंद होतो आणि तो आनंद आपण संगीताच्या खात्यावर जमा करतो. 'आंधळा असून किती छान' यातला 'असून' हा शब्द काढा आणि मग छान म्हणता येतं का बघा. मूनडॉगच्या बाबतीत, निदान प्रेस्टिजच्या रेकॉर्ड्स आणि राउंड्सच्या बाबतीत, म्हणता येतं.

सगळ्याच बाबतीत नाही, हेही सांगितलं पाहिजे. व्हायकिंगचा वेष त्यानं का घेतला? लोक दाढी आणि झगा बघून त्याला ख्रिस्त म्हणायला लागले, ते त्याला नको होतं. ख्रिस्ती धर्म त्यानं सोडला होता, नॉर्डिक देवदेवतांकडे वळला होता. ठीक आहे, ज्याची त्याची श्रद्धा. पण कलेच्या दृष्टीनं मला एक गोष्ट खटकते. त्याच्या हातातला ठेका कुठून आला? अरापाहोंच्या ढोलातून, असं तो स्वतः सांगतो. त्याची डोलणारी लय कुठून आली? जवळच ५२व्या रस्त्यावर जाझचे क्लब होते आणि हा तिथल्या वादकांत वावरत होता. म्हणजे कानावर ऋण आदिवासींचं आणि कृष्णवर्णीयांचं, आणि अंगावर वेष उत्तर युरोपातल्या गोऱ्या योद्ध्याचा. तो ऋण नाकारत नव्हता, पण वेष बोलण्यापेक्षा मोठ्यानं बोलतो. त्याच्या नॉर्डिक महाकाव्यापेक्षा पाच मात्रांचा एक मिनिटाचा ढोल मला अधिक खरा वाटतो. त्याची द्विपदी कविताही बरीचशी सुभाषितवजा आहे, यमक जुळलं की खूश.

१९६०च्या दशकाच्या अखेरीस तो फिलिप ग्लासच्या घरी सुमारे वर्षभर राहिला. ग्लास, स्टीव्ह राइश, जॉन गिब्सन ही तरुण मंडळी त्याच्याबरोबर बसून त्याचे राउंड गायची, राइशनं ते मुद्रितही केले. ग्लासनं नंतर लिहिलंय, की ज्युलियार्डमध्ये समोर आलेल्या संगीतापेक्षा त्यांना याचं काम अधिक जवळचं वाटलं. पुढे हे मिनिमलिझमवाले म्हणून गाजले आणि लोक मूनडॉगला त्या पंथाचा मूळपुरुष म्हणू लागले. त्यानं ते मानलं नाही. पुनरावृत्ती बाखपासून आणि त्याच्या आधीपासून आहे, असं त्याचं म्हणणं. मला दोघांचं थोडं थोडं पटतं. आवर्तन तेच, पण ग्लासच्या श्रोत्यानं तिकीट काढलेलं असतं. तो तीन तास बसतो. म्हणून ग्लासचं आवर्तन लांबत जातं आणि मूनडॉगचं दोन मिनिटांत आटोपतं.

१९६९मध्ये कोलंबियानं त्याची रेकॉर्ड काढली, निर्माता जेम्स विल्यम ग्वेर्सिओ, मोठा वाद्यवृंद. कोलंबिया तेव्हा ज्या सीबीएसची कंपनी होती, तिचं काळ्या दगडाचं मुख्यालय सहाव्या अव्हेन्यूवरच ५२व्या रस्त्याला होतं. म्हणजे कंपनीच्या बाहेर दोन रस्त्यांवर हा इतकी वर्षं उभा! रेकॉर्ड सुंदर आहे, आणि नवख्यानं तिथूनच सुरुवात करावी. पण मला तिच्यात एक तक्रार आहे. इतके सुरेल हात एकत्र आल्यावर ढोल मागे गेला, रहदारी गेली. ज्या विरोधात तो ठेका उभा होता तो विरोधच उरला नाही, सगळं एका गालिच्यावर चालल्यासारखं वाटतं. १९७१च्या दुसऱ्या रेकॉर्डवर तो मुलगी जूनबरोबर राउंड गातो. आवाज साधे, शिकवलेले नव्हेत, आणि पुन्हा ती फरसबंदी ऐकू येते.

१९७४ साली मैफलीच्या निमित्तानं तो जर्मनीला गेला आणि तिथेच राहिला. न्यूयॉर्कमध्ये लोकांना वाटलं, वारला. इतकी वर्षं रोज बघत होते, पण तो गेला कुठे हे विचारायचं कुणाकडे, हेच कुणाला माहीत नव्हतं. जर्मनीतही तो सुरुवातीला रस्त्यावरच उभा राहिला. रेक्लिंगहाउझेनमध्ये इलोना गोएबेल या तरुण मुलीनं त्याला पाहिलं, तिच्या घरच्यांनी त्याला आपल्याकडे ठेवून घेतलं. पुढची पंचवीस वर्षं ती त्याची लेखनिक, व्यवस्थापक, प्रकाशक, सर्व काही झाली. ब्रेलचं लेखन डोळसांच्या लिपीत उतरत गेलं, आणि शिंगांचं शिरस्त्राण उतरलं. दयेनं सुरू झालेली गोष्ट कामात बदलू शकते, याचं हे उदाहरण आहे. तेव्हा दयेला मी सरसकट झोडपतोय असं समजू नका. इलोनानं नाणं टाकून पुढे जायचं नाकारलं, एवढाच फरक.

१९८९मध्ये तो न्यूयॉर्कला परतला, ब्रुकलिनमधल्या एका महोत्सवात, स्वतःच्या रचना सादर करायला. वाद्यवृंदाचा संचालक काय करतो? मध्ये चौथऱ्यावर उभा राहून छडी हलवतो. हा चौथऱ्यावर गेलाच नाही. वादकांच्या बाजूला बसला आणि ढोलावर ठेका देत राहिला. वादकांनी त्याच्याकडे बघायचं नव्हतं, ऐकायचं होतं.

त्याची त्रिंबा वाजवण्याची पद्धत स्वीडनमधला तालवादक स्टेफान लाकाटोस त्याच्याकडून समोर बसून शिकला, म्हणून ती टिकली. हा भाग आपल्याला समजवायला नको, हाताचं वाद्य कागदावरून येत नाही.

वेळ होत आला. आता 'बर्ड्ज लॅमेंट' ऐकवतो. चार्ली पार्कर, जाझचा थोर सॅक्सोफोनवादक, टोपणनाव बर्ड. तो या कोपऱ्यावर येऊन मूनडॉगशी गप्पा मारायचा, दोघांनी मिळून काही करायचं बोलणंही झालं होतं. १९५५मध्ये पार्कर वारला आणि ते राहिलं. त्याच्यासाठी हा विलाप. याच रचनेचा तुकडा घेऊन १९९९मध्ये मिस्टर स्क्रफ नावाच्या इंग्लंडच्या डीजेनं एक नाचाची धून केली आणि ती मोटारीच्या जाहिरातीत वाजली, त्यामुळे कदाचित तुम्ही ही चाल नकळत ऐकलीही असेल. पावणेदोन मिनिटांच्या आसपास आहे. खाली मंद्रात एकच चाल पुन्हा पुन्हा फिरते, तिच्यावर सॅक्सोफोन. मी कोलंबियाच्या रेकॉर्डबद्दल तक्रार केली, पण हा तुकडा तिच्यातलाच आहे आणि त्याला ती लागू नाही. पहिल्यांदा ऐकताना फक्त खालची फिरती चाल धरा. दुसऱ्यांदा लावीन तेव्हा वरचं ऐका. मग प्रश्न घेऊ. तो मागचा पंखा जरा बंद करता का कुणी?